नॉवू सोडायचं ठरलंच होतं, मग टेंपल पूर्ण करायचा अट्टहास कशासाठी?

भटक्या_शिकागो (धागाकर्ता)

गेल्या लाँग वीकेंडला गाडी काढून नॉवूला जाऊन आलो. इलिनॉयमध्ये मिसिसिपीच्या काठावरचं एवढंसं गाव, पण 1840 च्या दशकात इथे मॉर्मन ह्या ख्रिस्ती पंथाच्या लोकांची दहा हजारांवर वस्ती होती. टेकडीवर त्यांचं पांढरं टेंपल दिसतं, ते 2002 मध्ये जुन्याच्या जागेवर नव्याने बांधलेलं, आत आपल्याला प्रवेश नाही, बाहेरून बघायचं आणि फोटो काढायचे. टेकडीखाली पार्ली स्ट्रीट म्हणून रस्ता आहे, तो सरळ नदीत उतरतो. ह्याच रस्त्याने 4 फेब्रुवारी 1846 पासून लोक गाड्या जुंपून गाव सोडून निघाले, ऐन थंडीत. त्या टोकाला उभं राहून मला एकच प्रश्न पडला आणि तो अजून डोक्यातून जात नाहीये.

बघा, जून 1844 मध्ये पंथाचा संस्थापक जोसेफ स्मिथला जवळच्या कार्थेज गावच्या तुरुंगात जमावाने गोळ्या घालून मारलं. पुढच्या वर्षी सप्टेंबरात आसपासच्या मॉर्मन वस्त्यांमधली घरं जाळायला सुरुवात झाली आणि त्याच्यानंतरचा पुढारी ब्रिगहॅम यंग ह्याने वसंतात आम्ही निघतो असं कबूल करून टाकलं. इथवर ठीक. पण ह्यानंतरही टेंपलचं काम चालूच! 1 मे 1846 ला समारंभ करून ते अर्पण केलं, तेव्हा पुढारी मंडळी नदीपलीकडच्या आयोवात चिखल तुडवत होती. त्याच वर्षी इमारत विकायला काढली. ऑक्टोबर 1848 मध्ये कोणीतरी आग लावली, मे 1850 मध्ये वादळाने भिंती पाडल्या. म्हणजे पाच वर्षं दर दहा दिवसांतला एक दिवस फुकट राबून लोकांनी जे उभं केलं ते चार वर्षं पण धड टिकलं नाही.

माझ्या मते हा पुढाऱ्यांचा हट्ट होता. तेच हात, तोच पैसा प्रवासाच्या तयारीत लावला असता तर पुढच्या हिवाळ्यात मिसूरी नदीकाठच्या छावण्यांमध्ये शेकडो माणसं मेली ती कदाचित वाचली असती. पटत नसेल तर सांगा.

ओहायोकर

अजिबात पटत नाही. तुम्ही टेंपलकडे राहायच्या घरासारखं बघताय, सोडायचं तर रंग कशाला वगैरे. त्यांना ते वापरायचं होतं, मग दोन महिने का असेना. 10 डिसेंबर 1845 पासून फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यापर्यंत माळ्यावर एंडाउमेंट, म्हणजे साधारण दीक्षाविधी म्हणा, रात्रंदिवस चालू होते आणि पाच हजारांच्यावर लोकांनी ते घेतले. खालचा मोठा हॉल तेव्हा अर्धवटच होता. माळ्यावर कॅनव्हासचे पडदे लावून खोल्या पाडलेल्या, गालिचे लोकांच्या घरून मागून आणलेले, कुंड्यांतली झाडं ठेवून ईडनची बाग केलेली. विधीचे पांढरे कपडे पुरेनात म्हणून रात्री धुवायचे आणि सकाळी परत वापरायचे, ते वाळवताना स्टोव्हच्या पाइपमुळे छताला आगसुद्धा लागली एकदा, विझवली. यंगला निघायचं होतं, 3 फेब्रुवारीला त्याने बास झालं म्हणून सांगितलं पण बाहेर गर्दी हलेचना, शेवटी तो परत आत गेला आणि त्या एका दिवसात जवळजवळ तीनशे लोकांचे विधी झाले. आता ह्यात हट्ट कोणाचा दिसतो? लोकांचाच ना.

आणि गाड्या बनवायचं काम त्याच हिवाळ्यात गावभर चालू होतं. हे किंवा ते असं नव्हतंच.

तिरकस_तात्या

ओहायोकर, छान लिहिलंत पण अर्धंच लिहिलंत. जोसेफ गेल्यावर गादी कोणाची हा प्रश्न उघडा पडला होता. ऑगस्ट 1844 च्या सभेत जोसेफचा सल्लागार सिडनी रिग्डन एकीकडे, यंग आणि बारा प्रेषित म्हणजे चर्चचं पुढारी मंडळ दुसरीकडे. अशा वेळी मेलेल्या पैगंबराचं अर्धवट राहिलेलं काम जो पूर्ण करेल तोच वारस, इतकं सोपं गणित आहे. त्या काळात टेंपलच्या किल्ल्या ज्याच्या हातात त्याच्या हातात चर्च. यंगला हे रिग्डनपेक्षा चांगलं कळलं होतं. भाविक होता हे मान्य, पण भाविक माणूस धूर्त नसतो असं कोणी सांगितलं?

आणि जरा मागे जा ना, ओहायोतच. नॉवूच्या आधी हे लोक तिथे कर्टलँड गावात होते, तिथलं पहिलं टेंपल 27 मार्च 1836 ला अर्पण केलं, बांधताना कर्ज झालं, त्यात जमिनींचे व्यवहार, मग 1837 च्या सुरुवातीला स्वतःची बँक. सरकारने चार्टर, म्हणजे बँकेचा परवाना, दिला नाही तर नोटांवर बँक शब्दाच्या मागेपुढे अक्षरं छापून 'अँटी-बँकिंग कंपनी' केली, हे मी बनवून सांगत नाहीये. वर्षभरात बँक बुडाली, जोसेफ जानेवारी 1838 मध्ये रात्रीतून मिसूरीकडे पळाला. टेंपल तिथेच. नॉवू ही दुसरी वेळ हो. एकदा ठेच लागल्यावर शहाणं व्हायचं असतं.

शुद्धलेखन_काकू

एक अवांतर. टेंपल म्हणण्याऐवजी सरळ मंदिर लिहा की.

ओहायोकर

काकू, मुद्दाम नाही लिहिलं. मंदिर म्हटलं की आपल्या डोळ्यासमोर गाभारा येतो, येता जाता कोणीही घंटा वाजवून नमस्कार करून जातो. इथे मूर्ती नाही, रविवारची प्रार्थना पण दुसऱ्या साध्या इमारतीत असते आणि आज टेंपलमध्ये फक्त चर्चने पासपत्र दिलेल्या सभासदांनाच सोडतात. त्यात गंमत म्हणजे कर्टलँडचं असं नव्हतंच. तिथे सभा, उपदेश, वर शाळेचे वर्ग, हिब्रूचे धडे. हॉलच्या दोन्ही टोकांना व्यासपीठं आणि बाकं अशी की बसणाऱ्याने तोंड फिरवून दुसऱ्या टोकाकडे बघावं. मृतांसाठीचा बाप्तिस्मा (मेलेल्याच्या नावाने जिवंत माणसाने घ्यायचा), गुप्त दीक्षा हे सगळं नॉवूत आलं. म्हणजे दहा वर्षांत टेंपल ह्या शब्दाचा अर्थच बदलला.

तात्या, कर्टलँडबद्दल तुम्ही फक्त कर्ज सांगितलं. गिलाव्यात चमक यावी म्हणून काचा आणि चिनीमातीची भांडी फोडून घातली होती. बायकांनी ठेवणीतली भांडी दिली असं सांगतात, खरं तर फुटकी टाकाऊ जास्त असणार, पण ती गोळा करून कुटली लोकांनीच ना.

भटक्या_शिकागो

विधीचा मुद्दा चांगला आहे पण तो तुमच्यावरच उलटतो. जोसेफने पहिले एंडाउमेंट 4 मे 1842 ला दिले ते कुठे? स्वतःच्या दुकानाच्या माडीवर, मूठभर पुरुषांना. (त्याआधी जेमतेम दीड महिना तो फ्रीमेसन ह्या गुप्त विधी असलेल्या मंडळाचा सभासद झाला होता, त्यावर वेगळा धागा होईल.) मृतांसाठीचे बाप्तिस्मे आधी सरळ नदीत होत होते, नंतर बारा बैलांच्या पाठीवरचं कुंड तळघरात आलं. आणि पुढे पश्चिमेला यूटात, सॉल्ट लेकला गेल्यावर काय केलं? 1855 मध्ये एंडाउमेंट हाउस म्हणून साधी इमारत बांधली आणि तीस-पस्तीस वर्षं तिथे काम भागवलं, कारण मोठं टेंपल 1853 ला सुरू होऊन 1893 ला संपलं. माडी चालते, नदी चालते, साधं घर चालतं, मग नॉवूत सूर्याचे चेहरे कोरलेले अवजड दगडच कशाला लागत होते? त्यातला एक आता वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियनमध्ये आहे.

ओहायोकर

माडीवर मूठभर लोक बसतात, पाच हजार नाही. शिवाय 1841 मध्येच जोसेफने नदीतले बाप्तिस्मे थांबवले आणि आता देवाच्या घरातच म्हणून सांगितलं. लोक तेव्हापासून वाट बघत होते. पाच वर्षं राबलेल्या माणसाला तू आता दुकानाच्या माडीवर ये म्हणून सांगून बघा.

सॉल्टलेकची_सून

तुम्ही सगळे लोक लोक करताय म्हणून लिहिते. कुठले लोक? एलायजा एबल नावाचा कृष्णवर्णीय सुतार होता. 1836 मध्ये कर्टलँडला त्याला चर्चचं पौरोहित्याचं पद मिळालं, तिथले विधीही मिळाले. पुढे 1852 मध्ये यंगने कृष्णवर्णीयांना पद द्यायचं नाही असं जाहीर केलं. यूटात एबलने एंडाउमेंट मागितलं तर नाही म्हणाले. सॉल्ट लेकच्या टेंपलच्या कामावर मात्र तो राबला आणि 1884 मध्ये गेला. दुसरी जेन मॅनिंग जेम्स, नॉवूत जोसेफच्या घरी कामाला होती. म्हातारपणापर्यंत अर्ज करत राहिली. शेवटी 1894 मध्ये टेंपलमध्ये विधी केला तो काय, तर तिला अनंतकाळासाठी जोसेफची सेवेकरी म्हणून जोडलं. आणि तो करताना तिला आत येऊ दिलं नाही, तिच्या जागी दुसरी गोरी बाई उभी केली. बंदी उठली जून 1978 मध्ये.

टेंपलने समाज बांधला हे खरं आहे हो, मी इथे राहते, शेजारी बघते, अडीनडीला धावून येणारी माणसं आहेत. पण दाराला कडी आतून होती.

तिरकस_तात्या

वरच्या प्रतिसादाला +1. सेवेकरी वाचून गप्पच झालो.

भटक्या_शिकागो

हे माहीत नव्हतं. माझा हट्टाचा मुद्दा मी थोडा मागे घेतो, यंगला नुसता हट्टी म्हणणं कमीच पडतं, दोन्ही अंगांनी.

पण ओहायोकर, एक राहिलंच. विधी महत्त्वाचा, इमारत मागे सोडता येते असं तुम्ही म्हणता. मग मार्च 2024 मध्ये सॉल्ट लेकच्या, म्हणजे यंगबरोबर गेलेल्यांच्या, चर्चने कर्टलँडचं टेंपल, नॉवूतली काही घरं आणि जुनी हस्तलिखितं मिळून 19 कोटी 25 लाख डॉलर मोजून का घेतली? यंगबरोबर न गेलेल्या लोकांच्या चर्चकडे ते टेंपल शंभरहून जास्त वर्षं होतं आणि ते नीट सांभाळतही होते.

ओहायोकर

इथे पकडलंत. आणि त्या खरेदीत लाल विटांचं ते दुकानही आहे बरं का, तुमच्या माडीवालं, नंतर पुन्हा बांधलेलं. म्हणजे माडीलाही आता किंमत आली.

कर्टलँड माझ्या घरापासून वीस मिनिटांवर आहे. आत सोडतात, आणि आता तिकीटही नाही. याल तेव्हा कळवा, बाकं कशी फिरतात ते दाखवतो, जेवायला घरी या.