जकार्ड हे माणसाचं नाव होतं? आणि लिओंच्या विणकरांनी बंड नेमकं कशाविरुद्ध केलं?

पूर्वभागची_लेक:
नमस्कार मंडळी. मी सोलापूरची, विणकरांच्या पूर्व भागातली. माझ्या अप्पांनी तीस वर्षं चादरीच्या जकार्डची, म्हणजे मागावर बसवून नक्षी विणणाऱ्या यंत्राची, कार्डं पाडली. डिझाइन मास्तरनं चौकटीच्या कागदावर रंगवलेला मोर समोर ठेवायचा, एकेक ओळ बोटानं धरायची आणि पुठ्ठ्यावर भोकं पाडायची. खाली पडलेल्या गोल चकत्या आम्ही बहिणी डब्यात साठवायचो आणि नारळी पौर्णिमेला मार्कंडेयाच्या रथावर उधळायचो. कार्डं क्रमानं दोऱ्यात ओवायचं काम आईकडे. एक कार्ड जरी उलटं लागलं तरी चादरीवर मोराची मान तुटायची, म्हणून ओवताना ती कुणाशी बोलायची नाही.

परवा नववीतला भाचा फ्रान्सच्या इतिहासावर प्रकल्प करत होता. त्याला नेटवर एक ओळ सापडली : '1831 मध्ये लिओं शहरातल्या रेशीम विणकरांनी जकार्ड यंत्राविरुद्ध बंड केलं.' जकार्ड हे कुणा माणसाचं नाव आहे, हेच घरात कुणाला ठाऊक नव्हतं. पण अप्पांना ती ओळ लागली. रात्री जेवताना पुन्हा म्हणाले, "जकार्ड बसवलेल्या मागावर विणकराचं पोट असतं गं. त्याच्याविरुद्ध तो कशाला उठेल? दुसरं काहीतरी झालं असणार." मला उत्तर देता आलं नाही. कुणी नीट सांगाल का? अप्पांना वाचून दाखवायचं आहे.

फळा_खडू:
ताई, तुमच्या अप्पांचं बरोबर आहे. ती ओळ चुकीची आहे. मी शाळेत इतिहास शिकवायचो, तेव्हा सविस्तरच लिहितो.

जोसेफ मारी जकार्ड हा लिओंचाच, जन्म 1752 चा, विणकराचा मुलगा. 1804 च्या सुमारास त्यानं ते यंत्र बसवलं. कल्पना मात्र सगळी त्याची एकट्याची नव्हती. बूशों नावाच्या कारागिरानं 1725 मध्येच भोकं पाडलेला कागद वापरून पाहिला होता, पुढे फाल्कोंनं कागदाऐवजी ओवलेली कार्डं आणली, 1745 मध्ये व्होकांसोंनं आपोआप चालणारा माग केला. जकार्डनं हे सगळं एकत्र आणून रोज चालेल असं यंत्र बनवलं. त्याआधी नक्षीच्या मागाशेजारी एक पोरगा बसायचा आणि विणकर सांगेल त्या दोऱ्या दिवसभर ओढायचा. त्या पोराचं काम कार्ड करू लागलं. 1805 मध्ये नेपोलियननं हे यंत्र सर्वांसाठी खुलं केलं आणि जकार्डला पेन्शन दिली. सुरुवातीच्या वर्षांत यंत्राला विरोध झाला, तेवढं खरं. पण 1831 पर्यंत लिओंचे विणकर स्वतःच हजारो जकार्ड मागांचे धनी होते.

मग बंड कशासाठी? मजुरीच्या दरासाठी. व्यापारी सूत द्यायचा, विणकर आपल्या घरात, आपल्या मागावर कापड काढायचा आणि मापावर मजुरी घ्यायचा. ही रीत पूर्व भागात कुणाला समजावून सांगायला नको. मंदी आली, दर पडत गेले. ऑक्टोबर 1831 मध्ये प्रीफेक्टनं, म्हणजे आपल्याकडच्या कलेक्टरसारख्या अधिकाऱ्यानं, दोन्ही बाजूंना समोरासमोर बसवून कमीत कमी दराचा तक्ता ठरवला. विणकरांनी त्या रात्री घरांवर दिवे लावले. मग शंभरावर व्यापाऱ्यांनी तो तक्ता मानायला नकार दिला आणि पॅरिसच्या सरकारनं त्यांचीच बाजू घेतली. 21 नोव्हेंबरला क्रवा-रूस या विणकरांच्या वस्तीच्या टेकडीवरून विणकर खाली उतरले. हातात काळं निशाण, त्यावर लिहिलेलं : 'काम करत जगू, नाहीतर लढत मरू.' दोन दिवस रस्त्यांवर लढाई झाली, सैन्याला शहर सोडावं लागलं. माग एकानंही फोडला नाही, ताई. हे अप्पांना जरूर सांगा.

चार_पुतळ्यांपाशी:
शहर हातात आल्यावर त्या विणकरांनी लूट होऊ नये म्हणून स्वतः पहारे बसवले होते. हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला आपल्या सोलापूरचं मे 1930 आठवलं. 9, 10, 11 मे, पोलीस शहरातून गेलेले आणि स्वयंसेवक चौकात उभे राहून रहदारी सांभाळतायत. मग 12 मे पासून मार्शल लॉ, म्हणजे लष्करी अंमल, आणि 12 जानेवारी 1931 ला येरवड्यात मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा फासावर गेले. कारणं वेगळी, एक लढा दराचा आणि एक स्वराज्याचा, हे मला मान्य आहे. पण गिरणीच्या भोंग्यावर उठणाऱ्या गावाला लिओं परकं वाटू नये.

तिकडेही शेवट दडपशाहीनंच झाला. 3 डिसेंबरला फ्रान्सचा युद्धमंत्री मार्शल सूल्त आणि राजाचा मुलगा सुमारे 20000 सैनिक घेऊन शहरात शिरले. दराचा तक्ता रद्द झाला आणि तो घडवून आणणाऱ्या प्रीफेक्टला पदावरून काढलं. मला सगळ्यात जास्त चीड या गोष्टीचीच येते. एप्रिल 1834 मध्ये विणकर पुन्हा उठले, त्या वेळी तर फारच रक्त सांडलं.

लूमवाला_नीलमनगर:
इतिहास मला जास्त कळत नाही, पण मी क्रवा-रूस बघितलंय. कंपनीनं मशीन शिकायला युरोपात पाठवलं होतं, तेव्हा एक रविवार तिथं काढला. घरांची छतं चार-चार मीटर उंच. मागावर जकार्ड चढवायचं तर तेवढी उंची लागतेच, आपणही पत्रे उचलून घेतो की ओ! खिडक्याही उंच, उजेडासाठी. तिथल्या एका जुन्या मागावर बाईंनी विणून दाखवलं. कार्ड येऊन बसलं, भोक होतं तिथली सुई आत गेली, तिचा हुक वर उचलला, ताण्याचा, म्हणजे उभा, धागा उठला. भोक नाही तिथला हुक मागे ढकलला गेला, धागा खालीच. मग आडवा धागा नेणारा धोटा. इंग्रजी-फ्रेंच काही न कळता मला सगळं कळलं. घराघरांतून जाणारे बोळ आहेत, वरच्या रस्त्यावरून शिरायचं आणि खालच्या रस्त्यावर निघायचं. रेशमाचे गठ्ठे पावसात भिजू नयेत म्हणून तिथून न्यायचे म्हणे. बंडाच्या वेळी विणकरांना त्या बोळांचा फार उपयोग झाला, असं बाई सांगत होत्या.

फळा_खडू:
यात एक भर घालतो, भाच्याच्या प्रकल्पाला उपयोगी पडेल. 1844 च्या जूनमध्ये प्रशिया या जुन्या जर्मन राज्यातल्या सायलेशियातही विणकर उठले. तिथं व्यापाऱ्याच्या घराची मोडतोड झाली, सैन्यानं गोळीबार केला, अकरा माणसं गेली. ती गावं आज पोलंडमध्ये आहेत. तिथंही मूळ कारण पडलेली मजुरीच. इंग्लंडचे लडाइट म्हणवणारे कामगार यंत्रं फोडायचे हे प्रसिद्ध आहे, पण नॉटिंगहॅमकडे ते बहुतेक दर पाडणाऱ्या मालकांचीच यंत्रं निवडून फोडायचे. पुस्तकात मात्र 'यंत्राविरुद्ध' एवढंच छापतात आणि दर गाळतात.

पूर्वभागची_लेक:
सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री अप्पांना सगळं वाचून दाखवलं. दिवे लावल्याचं ऐकून त्यांनी मला तिथंच थांबवलं आणि विचारलं, "दर किती ठरला होता?" मी सांगितलं की तो तक्ता मोठा होता, कापडाच्या प्रत्येक जातीला वेगळा. म्हणाले, "असणारच. साध्याला आणि जकार्डला एक दर कसा चालेल."

मग पेटीतून मोराच्या डिझाइनच्या कार्डांची जुनी माळ काढून भाच्याला दिली. आईनं ओवलेली, दोरा पिवळा पडलाय पण सुटलेला नाही. प्रकल्पाच्या पहिल्या पानावर त्यातलं एक कार्ड चिकटवायचं भाच्याच्या मनात होतं. अप्पांनी एक कार्ड सोडवायला नको म्हटलं. अख्खी माळच शाळेत घेऊन जा म्हणाले.