रॉबी कीनला 'लिंबूटिंबूंचा राजा' म्हणणाऱ्यांसाठी

तिरका_पास
आयर्लंडचा फॉरवर्ड ट्रॉय पॅरट याच्या धाग्यावर ऑफसाइड_आप्पांनी काल आयर्लंडचा जुना विक्रमी फॉरवर्ड रॉबी कीन याच्याबद्दल वाक्य टाकलं: "ट्रॉय पॅरटने चार दिवसांत केलं ते रॉबी कीनला अठरा वर्षांत जमलं नाही. ६८ गोल म्हणे! सगळे लिंबूटिंबूंवर." त्याला पडलेले अंगठे बघून डोकं फिरलं. तिथेच लिहीत बसलो तर पॅरटचं कौतुक बाजूला राहील, म्हणून हा वेगळा धागा.

पॅरटबद्दल वाद नाहीच. नोव्हेंबर २०२५ मध्ये पोर्तुगालवर दोन, मग बुडापेस्टला हंगेरीवर तीन, त्यातला शेवटचा ९६व्या मिनिटाला. मीही घर डोक्यावर घेतलं होतं. पण एकाला खांद्यावर घ्यायला दुसऱ्याला पायाखाली कशाला घालायचं?

जून २००२, इबाराकी. जर्मनी १-० ने पुढे, ९२वं मिनिट. नायल क्विनने डोक्याने खाली ठेवलेला बॉल कीनने गोलकीपर ऑलिव्हर कानला चुकवून आत मारला. त्या वर्ल्डकपमध्ये फायनलच्या आधी कानवर गोल करणारा हा एकटा माणूस. मग सौदीवर एक. मग बाद फेरीत स्पेनविरुद्ध ९०व्या मिनिटाला पेनल्टी, आणि ती कधी? इयन हार्टची आधीची पेनल्टी वाया गेल्यावर. वय २१. संघाचा कॅप्टन रॉय कीन सायपानच्या सराव शिबिरातूनच भांडून घरी गेलेला. शूटआउटमध्येही पहिली पेनल्टी यानेच मारली आणि गोल केला. पुढे तिघांनी घालवल्या.

२००० मध्ये ॲमस्टरडॅमला हॉलंडवर गोल. २००९ मध्ये बारीला इटलीवर ८७व्या मिनिटाला बरोबरी. त्याच वर्षी पॅरिसमध्ये फ्रान्सवर गोल करून प्लेऑफ बरोबरीत आणणारा कोण? बॉलला लागलेला फ्रान्सच्या ऑन्रीचा हात सगळ्यांना आठवतो, त्या रात्रीचा आयरिश गोल कुणाचा ते कुणाला आठवत नाही.

आणि हो, जिब्राल्टर, फेरो बेटं, सान मरिनो यांच्यावर गोल केलेच. पात्रता फेरीत समोर तेच येतात. कीनच्या आधी आयर्लंडचा विक्रम किती होता माहीत आहे? नायल क्विनचे २१. तेव्हा लिंबूटिंबू संघ नव्हते का? क्विन, ऑल्ड्रिज, स्टेपलटन यांना मिळून साठ होतात. हा एकटा ६८.

ऑफसाइड_आप्पा
माझ्या एका ओळीसाठी एवढा मोठा निबंध! धन्य वाटलं.

आता माझं ऐका. हॅटट्रिक कुणाविरुद्ध? २००६ सान मरिनो, २०१३ फेरो, २०१४ जिब्राल्टर. जिब्राल्टरवरची तर पहिल्या २० मिनिटांतच उरकली. ६८ आकडा जर्मनीच्या गेर्ड म्युलरचाही आहे, पण त्याने ६२ सामन्यांत केले. तुमच्या साहेबांना १४६ लागले. २००२ मधले तीन गोल तुम्ही सोन्याच्या ताटात वाढलेत, ठीक. मग पुढची चौदा वर्षं? युरो २०१२: तीन सामने, तीन पराभव, कॅप्टनच्या नावावर शून्य. युरो २०१६ मध्ये बाकावर. मोठ्या सामन्यात गायब.

क्लबचं तर बोलूच नका. वुल्व्ह्ज, कॉव्हेंट्री, इंटर, लीड्स, स्पर्स, लिव्हरपूल, परत स्पर्स, सेल्टिक, वेस्ट हॅम, अमेरिकेत गॅलक्सी, मधेच व्हिला, शेवटी कोलकाता. आणि प्रत्येक ठिकाणी पहिल्या दिवशी जर्सी हातात धरून "लहानपणापासून माझा हाच क्लब". इंग्लंडमध्ये एकूण कमाई: २००८ चा एक लीग कप.

लॅन्सडाउन_लेले
डब्लिनमधून लिहितोय, म्हणून जरा अधिकाराने. (हसू नका.)

आप्पा, तो 'लहानपणापासून'वाला विनोद इथे पबमध्ये शिळा होऊन गेलाय. लिव्हरपूल आणि सेल्टिक हे दोन क्लब डब्लिनच्या अर्ध्या पोरांचे लहानपणापासूनचे असतात, त्यात खोटं काय? आमच्या ऑफिसातला टॅलाचा सहकारी, म्हणजे कीनच्याच उपनगरातला, स्वतः शॅमरॉक रोव्हर्सचा पास काढतो, शनिवारी सेल्टिक बघतो आणि रविवारी लिव्हरपूलसाठी रडतो.

त्याचं म्हणणं सांगतो. टॅला म्हणजे गावाबाहेर वसवलेली वस्ती. तिथला पोरगा सतराव्या वर्षी वुल्व्ह्जसाठी पहिल्याच सामन्यात नॉर्विचवर दोन मारतो, एकोणिसाव्या वर्षी कॉव्हेंट्री ६० लाख पाउंड मोजतं आणि वर्षभरात इटलीचं इंटर १ कोटी ३० लाख. तिथल्या लोकांना हे पुरेसं आहे. आता त्यांना गेर्ड म्युलर सांगायला तुम्ही जा, मी येत नाही.

ऑफसाइड_आप्पा
म्हणजे तुमच्या सहकाऱ्याला आवडतो म्हणून तो थोर. पुरावा दणदणीत.

आणि इंटरचं सांगितलंत, तिथे पुढे काय झालं ते गिळलंत. लीगचे सहा सामने आणि सहा महिन्यांत लीड्सला उधार.

तिरका_पास
इंटरमध्ये मॅनेजर लिप्पीने आणला. लीगच्या पहिल्याच पराभवानंतर लिप्पीला काढलं. नव्या मॅनेजरला नको होता. लीड्सने १ कोटी २० लाखांना घेतला आणि मग लीड्सचंच दिवाळं वाजलं. फर्डिनंड विकला, त्याच उन्हाळ्यात कीन ७० लाखांत स्पर्सला. क्लब बदलले, क्लब बदलले म्हणता. यातली किती बदली त्याने मागून घेतली?

स्थिर जागा मिळाली तिथे बघा. स्पर्सकडून ३०६ सामन्यांत १२२ गोल. प्रीमियर लीगमध्ये एकूण १२६. फ्रान्सच्या अनेल्कापेक्षा एक जास्तच.

पेनल्टीवाली_प्राजक्ता
लिव्हरपूलवाली म्हणून मधे पडते. लिव्हरपूलची बदली मात्र त्याने मागितलेली होती, तिरके भाऊ, ते सोयीस्करपणे विसरू नका. जवळपास २ कोटी पाउंड. २८ सामने, ७ गोल आणि फेब्रुवारीत परत स्पर्सकडे, तेही तोट्यात. त्या हंगामात आम्ही दुसरे आलो. त्या पैशात दुसरा कुणी घेतला असता तर लीग आली असती, असं मी अजूनही म्हणते.

अर्थात आमचा मॅनेजर राफा याने त्याला डाव्या बगलेत का ढकलला हे कोडंच आहे. टोरेसच्या मागे मोकळा सोडायचा तर साठाव्या मिनिटाला बाहेर. तेवढं मान्य. पण तेवढंच.

कूपरेज_कट्टा
सगळे कोलकात्यावरून घाईघाईने पुढे का जाताय? मी त्या हंगामात एटीके, म्हणजे इंडियन सुपर लीगमधली (आयएसएल) कोलकात्याची टीम, बघितलीय. २०१७-१८. अँधेरीला आले होते तेव्हा मुद्दाम गेलो. कीन ३७ वर्षांचा, सुरुवातीचे सामने दुखापतीने हुकलेले. वेग संपला होता, पण बॉल यायच्या आधी खांद्यावरून मागे बघायचा, आणि आमचे बचावपटू त्याच्याकडे पाठ करून उभे. कोच टेडी शेरिंगहॅमला जानेवारीत घालवला, शेवटी कीनलाच खेळाडू-कम-मॅनेजर केलं. संघ दहात नववा. तरी बघायला पैसे वसूल.

बालेवाडीचा_वाघ
हे 'पैसे वसूल' वाचून राहवलं नाही. हीच तर खरी बोंब आहे. कीन बरा म्हणायचा, निदान खेळला तरी. आमच्या पुण्याच्या आयएसएल टीममध्ये २०१४ ला त्रेझेगे, २०१५ ला मुतू आणि २०१६ ला गुडयॉनसन! त्या गुडयॉनसनचं पोस्टर मी बालेवाडीच्या गेटवर बघितलं, पण मैदानावर पाय बघितले नाहीत. हंगामाआधीच जायबंदी. आणि २०१९ ला काय झालं? टीमच उचलून हैदराबादला. एका सकाळी बातमी, की आता तुमचा क्लब नाही.

त्याआधी पुणे एफसी होती, आय-लीगमध्ये २०१२-१३ ला दुसरी आलेली. ती गेली. डीएसके शिवाजीयन्स गेले. निवृत्त गोऱ्यांच्या पगारात किती अकादम्या चालल्या असत्या?

कूपरेज_कट्टा
पुणेकर, रडगाणं पुरे. आमची महिंद्रा युनायटेड २००५-०६ ची राष्ट्रीय लीग जिंकलेली टीम, २०१० ला बंद पडली, तेव्हा कुठला मार्की, म्हणजे मोठ्या नावाचा पाहुणा खेळाडू, आला होता? आयएसएल जन्मलीही नव्हती. क्लब बंद पडतात कारण मालकाला कंटाळा येतो आणि स्टँडमध्ये दोनशे माणसं असतात. त्या दोनशेत तुम्ही होता का?

बालेवाडीचा_वाघ
हो होतो. पावसात होतो. तुमच्यासारखा पाहुणे कलाकार बघायला तिकीट काढून नव्हतो येत.

कूपरेज_कट्टा
वा, म्हणजे तिकीट न काढता येत होता! मग बंद पडणारच की क्लब.

तालीम_नंबर_नऊ
भावांनो, मुंबई-पुण्याचं भांडण चालू द्या, पण प्रेक्षक नाहीत म्हणू नका. कोल्हापुरात शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि प्रॅक्टिस क्लबची मॅच असली की पाय ठेवायला जागा नसते. ना मार्की, ना फटाके. पेठेची ईर्षा असली की बास. आणि भारताच्या २०१७ च्या अंडर-१७ वर्ल्डकप संघात पुढच्या फळीत कोण होता? अनिकेत जाधव, आमचा. पण आयएसएलवाल्यांना कोल्हापूर नकाशावर दिसत नाही.

मूळ विषयाचं म्हणाल तर मी स्वतः नऊ नंबर खेळलोय. मागून बॉलच येत नसेल तर फॉरवर्ड काय करणार? आयर्लंडच्या त्या कोच ट्रॅपट्टोनीच्या टीमला मिडफिल्ड होतं का? लांब बॉल मारायचा आणि देवावर भरवसा. अशा टीममध्ये ६८ मारणारा लई भारीच म्हणायचा.

मांडवी_विंगर
पात्रांव, प्रेक्षक आणि क्लब म्हणजे काय ते आम्हाला विचारा. धेंपो, साळगावकर, स्पोर्टिंग, तिघेही २०१६ मध्ये आय-लीगमधून बाहेर पडले. त्यातल्या धेंपो आणि साळगावकरच्या कपाटात तर राष्ट्रीय लीगच्या ट्रॉफ्या. कारण? सगळं वजन आयएसएलच्या पारड्यात. एफसी गोवाने पिरेस आणला, लुसिओ आणला. आम्ही टाळ्या वाजवल्या, मी पण वाजवल्या. आणि २०२५ मध्ये लीग चालवायचा करार संपत आला तर त्याच आयएसएलचा हंगाम लटकला. आता सांगा, कोण उरलं?

कूपरेज_कट्टा
अहो पण झिको गोव्यात तीन हंगाम कोच होता, त्यातून तिथल्या पोरांना काही मिळालंच नाही का? माझा भाचा त्या काळात फुटबॉलकडे वळला तोच टीव्हीवर पिरेस आणि ल्युंगबर्ग बघून. आज जिल्ह्याच्या संघात आहे. मार्की नसते तर तो क्रिकेटच्या नेटमध्ये रांगेत उभा असता.

बालेवाडीचा_वाघ
भाच्याचं अभिनंदन. एक भाचा, वजा चार क्लब.

तिरका_पास
अहो मंडळी! आयएसएलचं दुकान वेगळं लावा ना. इथे आयरिश फॉरवर्डबद्दल बोलणं चाललं होतं.

मांडवी_विंगर
तुम्हीच अनेल्काचं नाव काढलंत. डब्लिनच्या क्रोक पार्कवर २००९ च्या प्लेऑफमध्ये आयर्लंडवर गोल मारून तो पाच वर्षांनी मुंबई सिटीत आला. कीन त्याच सामन्यात समोर होता, तो कोलकात्यात. विषय एकच आहे: इथे यायचे तेव्हा सगळे पस्तिशीचे.

पेनल्टीवाली_प्राजक्ता
पस्तिशीचे म्हणून हिणवायला नको. गॅलक्सीत कीन एकतीसचा असताना गेला आणि 'सुट्टीवर गेला' म्हणून मीच हसले होते. २०११, २०१२, २०१४, तीन एमएलएस कप, म्हणजे अमेरिकन लीगची विजेतेपदं. २०१४ च्या फायनलमध्ये न्यू इंग्लंडविरुद्ध जादा वेळेत विजयी गोल त्याचाच आणि त्या वर्षी लीगचा सर्वोत्तम खेळाडूही तोच. बेकहॅम आधीच गेला होता, डॉनोव्हन निवृत्तीच्या दारात. टीम यानेच ओढली. लीगचा दर्जा काढायचा असेल तर काढा, पण मग 'मोठ्या सामन्यात गायब' हे वाक्य मागे घ्या. फायनल ती फायनल.

ऑफसाइड_आप्पा
घेतलं. फायनलपुरतं. अमेरिकन फायनलपुरतं. तोही आकडा मोठ्या अक्षरांत लिहून भिंतीवर लावा.

इबाराकीचा गोल मी लाइव्ह बघितलाय आणि ओरडलोही होतो, तिरक्या, तेव्हा तू कितवीत होतास कोण जाणे. माझा मुद्दा एवढाच की महान आणि उपयुक्त यात फरक असतो. कीन आयर्लंडला अतिशय उपयुक्त होता. बस.

लॅन्सडाउन_लेले
उपयुक्त! आप्पा, इथे लॅन्सडाउन रोडच्या मैदानावर हे बोलून दाखवा.

कोचिंगमध्ये बघा ना. फुटबॉल संघटनेने त्याला आयर्लंडचा तेव्हाचा मॅनेजर मॅककार्थी याचा सहायक म्हणून चार वर्षांचा करार दिला आणि नव्या मॅनेजरने घेतला नाही. करार कागदावर, माणूस घरी. केवढी बोंब झाली इथे. मग बाहेर गेला आणि मकाबी तेल अवीवसोबत २०२४ ची लीग, फेरेन्सवारोशसोबत २०२५ ची. दोन देश, दोन विजेतेपदं. स्वतःच्या देशाला मात्र तो अजून 'उपयुक्त'ही वाटत नाही.

ऑफसाइड_आप्पा
कोच म्हणून वेगळा धागा काढा. फॉरवर्ड म्हणून बोला. मला एक यादी द्या: ६८ पैकी वर्ल्डकप किंवा युरो खेळलेल्या संघांवर किती? निम्म्याच्या वर निघाले तर पॅरटच्या धाग्यावर जाऊन माझं वाक्य मी स्वतः खोडतो.

तिरका_पास
रविवारी एक्सेल करून टाकतो.

तालीम_नंबर_नऊ
मैत्रीपूर्ण सामने धरणार का सोडणार ते आधी ठरवा, नाहीतर रविवारी परत हेच.

ऑफसाइड_आप्पा
सोडणार.

तिरका_पास
धरणार. म्युलरच्या ६८ मधले तुम्ही सोडलेत का?