ललिता पवार यांच्या १९४२ पूर्वीच्या साहित्यासाठी मदत हवी आहे

सप्रेम नमस्कार. अमळनेर येथील आमच्या वाचनालयासाठी मी ललिता पवार यांच्या कारकिर्दीवर छोटे प्रदर्शन तयार करत आहे. १९१६ साली खानदेशापासून फार दूर नसलेल्या येवल्यात जन्मलेल्या आणि मूकपटांपासून काम करत आलेल्या या अभिनेत्रीचा डोळा १९४२ साली चित्रीकरणात बसलेल्या थपडेमुळे कायमचा अधू झाला, नायिकेच्या भूमिका संपल्या. तरीही त्याच डोळ्याला अभिनयाचे साधन करून त्यांनी पुढे चार दशकांहून अधिक काळ चरित्र भूमिका गाजवल्या. लोक त्यांना खाष्ट सासू किंवा ‘रामायण’ मालिकेतील मंथरा म्हणूनच आठवतात, याचे मला मनापासून वाईट वाटते, कारण ‘अनाडी’मधील (१९५९) मायाळू मिसेस डिसाही त्यांचीच, आणि फिल्मफेअर पुरस्कार त्यांना त्याच भूमिकेसाठी मिळाला.

नायिकेच्या काळातील साहित्य मात्र मला मिळालेले नाही. जळगाव, धुळे, नंदुरबार भागात कोणाच्या घरी त्या काळच्या चित्रपटांच्या गाण्यांच्या पुस्तिका, जाहिराती किंवा मासिकांचे अंक असतील, तर त्यांची छायाचित्रे मिळू शकतील का? मूळ प्रत देण्याची गरज नाही. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडून कोणी जुनी छायाचित्रे मिळवली असल्यास, अर्ज कसा केला तेही कृपया कळवावे.