जुन्या काळी खेड्यातल्या टपालवाल्याचा दिवस कसा जायचा?

रानवाट:
१९६०च्या आसपासच्या कोकणावर एकांकिका लिहितोय. टपालवाला येतो, पत्र देतो, निघून जातो, एवढ्याने पात्र उभं राहत नाही. त्याचं दिवसभराचं काम काय असायचं? मनीऑर्डर देताना नेमकं काय व्हायचं? हातात घुंगरांचा भाला दाखवू का?

लाखेचं सील:
भाला नको. भाला-घुंगरू हरकाऱ्याचे, म्हणजे थैली एका टप्प्यावरून पुढच्या टप्प्याला पोचवणाऱ्याचे. घरोघर बटवडा करणारा वेगळा.

गावच्या शाखा पोस्टातलं काम थैलीपासून सुरू होई. आधी सुतळी आणि लाखेचं सील तपासायचं, मग थैली उघडायची. आतल्या चिठ्ठीवरून रजिस्टर पत्रं, मनीऑर्डरी आणि रोकड जुळवायची. मग पत्रांवर तारखेचा शिक्का. निघण्याआधी टपालवाल्याने टपाल वाड्यांच्या क्रमाने लावायचं, नाहीतर एकच घाटी दोनदा चढावी लागते. लांबच्या वाड्यांना रोज फेरी नसे, त्यांचे वार ठरलेले असत. वाटेतल्या पेटीतली पत्रंही तोच काढून आणी. पावसात पत्रांना मेणकापड हवंच. शाई फुटली की पत्ता गेला.

पोहोचपावती:
नाट्य हवं असेल तर मनीऑर्डरीत आहे. मुंबईच्या चाकरमान्याच्या पैशावर कितीतरी घरं चालत. फॉर्मचे तीन भाग: मुख्य भाग सही घेऊन पोस्टाकडे, पोहोच पैसे धाडणाऱ्याकडे परत, आणि निरोपाचं कुपन घरच्यांकडे. सही येत नसेल तर अंगठा, आणि त्याला ओळखीच्या साक्षर माणसाची साक्ष. साक्षीदार रानात गेला असेल तर पैसे पिशवीत असूनही देता येत नसत. कुपनावरच्या दोन ओळी वाचून दाखवणं बहुधा टपालवाल्याकडेच.

दुसरी अडचण रोकडीची. शाखेत मोजकीच रक्कम ठेवायची परवानगी. सणाआधी मनीऑर्डरी एकदम आल्या की वरच्या पोस्टाकडे रोकड मागवावी लागे आणि ती पुढच्या थैलीतून येई. तोवर घरच्यांना वाटे, यानेच पैसे अडवलेत. हा प्रसंग जरूर घ्या.

लाखेचं सील:
बैरंग पत्रही घ्या. तिकीट कमी असेल तर तुटीच्या दुप्पट पैसे घेणाऱ्याकडून वसूल व्हायचे. त्याने नाकारलं तर ‘घेण्यास नकार’ असा शेरा, तारीख आणि सही करून पत्र परत. शेऱ्याशिवाय ते थैलीत टाकता येत नसे.