४० जणांत चौघांचा वाढदिवस १ जूनला, सिम्युलेशनमध्ये मात्र शून्य

डोंबिवलीकर_नील
बाबांच्या दहावीच्या बॅचचं गेट-टुगेदर आहे, यादी मी करतोय. ४० जणांच्या जन्मतारखा एक्सेलमध्ये भरल्या तर चौघांची १ जून निघाली, बाबा धरून. एवढा योगायोग बघून राहवेना म्हणून पायथनमध्ये (प्रोग्रामिंगची भाषा) सिम्युलेशन लिहिलं, १ ते ३६५ मधले ४० आकडे रँडम उचलायचे, त्यात १५२ (म्हणजे १ जून) चारदा किंवा जास्त आला का बघायचं, असं १०,००० वेळा. उत्तर शून्य! एकदाही नाही. २३ माणसांत कुणातरी दोघांचा वाढदिवस एक यायची शक्यता ५०.७ टक्के, ते याच कोडने बरोबर येतं, मग इथे काय चुकतंय?

आकडेमोड
कोड ठीक आहे, प्रश्न चुकलाय. १ जून ही तारीख तुम्ही यादी बघितल्यावर धरलीत ना? ७ मार्चचे चौघं निघाले असते तरी तुम्ही इथे आलाच असतात. म्हणून कुठल्याही एका तारखेला चौघं येतात का ते मोजा. मी आत्ता चालवून बघितलं, १०,००० मध्ये १७ वेळा आलं, परत चालवलं तर २१.
आणि शून्य आलं म्हणजे अशक्य असं नाही हं. १०,००० त शून्य यावरून एवढंच म्हणता येतं की शक्यता साधारण १०,००० त ३ पेक्षा कमी असावी. नेमक्या १ जूनचा हिशेब कागदावर केला तर १० लाखांत जेमतेम ५ येतो, तो १०,००० फेऱ्यांत दिसणार कसा?

पाटणचे_गुरुजी
मला कोड कळत नाही पण १ जून कळतो. १९७३ ला जिल्हा परिषदेच्या शाळेत लागलो, पाटण तालुक्यात. जूनमध्ये आया पोरांना घेऊन यायच्या, जन्मतारीख विचारली की सांगायच्या, कोयनेचा भूकंप (१९६७ च्या डिसेंबरातला) झाला तेव्हा पाळण्यात होता, नाहीतर पेरणी चालली होती तेव्हा झाला. जनरल रजिस्टरला तर तारीख लागते, अंकात आणि अक्षरात. मग पोराचा अंदाज घ्यायचा, सहा पूर्ण धरायची आणि १ जून लिहायचं. मी स्वतः कितीतरी जणांच्या लिहिल्यात. दर ३१ मे ला सरकारी ऑफिसांत एवढी माणसं रिटायर होतात ती त्यामुळेच, १ तारखेचा जन्म असला की आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी सुटतो माणूस.

आकडेमोड
गुरुजी, खरं उत्तर तुम्हीच दिलंत. गणितज्ञ स्टॅनिस्लाव उलामला १९४६ मध्ये आजारपणात पत्ते लावताना सुचलं ते हेच, डाव लागेल का याचा हिशेब जमत नसेल तर शंभरदा लावून मोजा, पण त्याला पत्ते पिसलेले लागतात. हे पत्ते पिसलेलेच नाहीत. नील, १ जूनला जास्त वजन देऊन बघा, म्हणजे ती तारीख बाकीच्यांपेक्षा जास्त वेळा उचलली जाईल असं करा.

डोंबिवलीकर_नील
दिलं. प्रत्येकाची १ जून असायची शक्यता ५ टक्के धरली तर हजारात १३८ च्या आसपास येतंय, कुठे शून्य आणि कुठे हे! पण ५ टक्के मी अंदाजाने टाकलेत, माझ्या यादीतून काढले तर ४० त ४ म्हणजे १०, ते धरू का?

आकडेमोड
अजिबात नको, ज्या यादीचं नवल वाटलं तिच्यावरूनच वजन ठरवलं तर नवल उरणारच नाही. त्याच शाळेच्या दुसऱ्या वर्षांच्या तारखा मिळाल्या तर त्यातून काढा.

डोंबिवलीकर_नील
शाळेत विचारतो. गुरुजी, तुमचं वाचून काल आजीला फोन केला. बाबांची कागदावर १ जून १९६८ आहे. आजी म्हणाली, छे, भूकंपाच्या आधीची नागपंचमी, दिंडं उकडायला ठेवली होती आणि मला कळा सुरू झाल्या. म्हणजे बाबा कागदापेक्षा नऊ-दहा महिन्यांनी मोठे निघाले. बाकी तिघांच्या घरी पण विचारायला सांगितलंय.