मदत हवी आहे: लाकडी जहाजबांधणीतले जुने इंग्रजी शब्द

नमस्कार मंडळी. मुंबईच्या गोदीत वाडियांनी बांधलेल्या सागवानी जहाजांवर मराठीत लेख लिहितो आहे. 1817 मध्ये इथे पाण्यात उतरलेलं ‘त्रिंकोमाली’ आजही इंग्लंडमध्ये हार्टलपूलला जपून ठेवलंय. आपल्या गोदीचं एवढं मोठं काम, त्याची माहिती मराठीत नीट यायलाच हवी.

अडलंय ते शब्दांवर. ‘फटक’ म्हणजे जहाजाची फासळी ज्या वाकड्या तुकड्यांची जोडून बनते त्यातला एक, आणि ‘ट्रीनेल’ म्हणजे फळ्या ठोकायची लाकडी खुंटी, इतपत ठीक. ‘गार्बोर्ड स्ट्रेक’ ही तळाच्या कण्याला लागून बसणारी पहिली फळी. कण्याच्या ज्या खाचेत ती बसते ती ‘रॅबेट’. शब्दकोशात या खाचेला नुसतं ‘खोबण’ म्हटलंय, पण कुठलीही खोबण म्हणजे रॅबेट नव्हे. ‘नी’चं तर विचारूच नका. तुळई आणि बाजूची भिंत जिथे मिळतात तिथल्या कोनात बसणारा हा आधार. तुळईखाली उभा असेल तर ‘हँगिंग नी’, आडवा असेल तर ‘लॉजिंग नी’. या दोघांना मराठीत वेगळी नावं आहेत का?

मला संस्कृतातून घडवलेले प्रतिशब्द नकोत. मालवण, देवगड, रत्नागिरीकडे होड्या बांधणारे सुतार जे म्हणतात तेच हवंय. कुणाच्या घरी, ओळखीत असे कारागीर असतील तर कृपया विचारून सांगा. सोबत गावाचं नाव द्या, आणि जमल्यास होडीच्या त्या भागाचा फोटोही टाका.