मदत हवी आहे: भारताच्या बेंटोनाइट निर्यातीचे आकडे एकमेकांशी जुळत नाहीत

मृण्मयी२२

नमस्कार मंडळी. वाशीतल्या एका छोट्या निर्यात कंपनीत मी कागदपत्रं बघते. आमचा माल म्हणजे मसाले आणि वाळवलेला कांदा. गेल्या महिन्यात साहेब गांधीधामला लग्नाला गेले आणि डोक्यात बेंटोनाइट (एक खनिज माती) घेऊन परत आले. कुणीतरी सांगितलं म्हणे, की कच्छात माती विकून डॉलर मिळतात. आता मला दहा वर्षांच्या निर्यातीचा कल काढायला सांगितलाय. सोमवारी द्यायचाय.

तीन ठिकाणचे आकडे गोळा केले. वाणिज्य मंत्रालयाच्या संकेतस्थळावरून २५०८ या सीमाशुल्क कोडची एप्रिल ते मार्चची मालिका रुपयांत उतरवली. यूएन कॉमट्रेडवरून (संयुक्त राष्ट्रांची व्यापार आकडेवारी) तीच निर्यात कॅलेंडर वर्षाप्रमाणे डॉलरमध्ये घेतली. आणि खरेदीदार देशांनी "भारतातून आयात" म्हणून दाखवलेले आकडेही कॉमट्रेडवरूनच काढले. तिन्ही एका शीटमध्ये शेजारीशेजारी ठेवले आणि रडायची वेळ आली.

रुपयांतला आलेख चढता आहे, साहेब खूश. डॉलरमध्ये बघितलं तर तेवढी चढण नाही. काही वर्षांत टन वाढतात आणि टनामागचा भाव पडतो, म्हणजे बाजार पडला म्हणायचं का? आणि खरेदीदार देशांची रक्कम आपल्यापेक्षा जास्त येते, २०२१ च्या आसपास तर फारच. साहेबांचं ठाम मत, "लोक बिलं कमी दाखवतात, दुसरं काय." मला पटत नाही, पण खोडूनही काढता येत नाही.

देशातलं उत्पादन किती, हेही एका जागी सापडलं नाही. कुणी या धंद्यातलं असेल तर प्लीज सांगा.

भट्टीवाला

ताई, नाव मृण्मयी आणि मातीनेच छळलं होय! मी शिरोलीचा. आमची फौंड्री आहे, पंचवीस वर्षं ही माती हाताळतोय. निर्यातीतलं मला कळत नाही, माल मात्र कळतो.

बेंटोनाइट म्हणजे एक माल नव्हे, हे आधी डोक्यात घ्या. आम्ही साच्याच्या वाळूत ६ ते १० टक्के घालतो, सोबत कोल डस्ट आणि पाणी. तिथे बघायची ती पकड. गरम लोखंड ओतल्यावर साचा उभा राहिला पाहिजे. तेलाच्या विहिरी खणणाऱ्यांना ती ड्रिलिंगच्या चिखलासाठी लागते, त्यांना पकडीशी देणंघेणं नाही, त्यांना घट्टपणा हवा. तेल रिफायनरीवाल्यांना (खायच्या तेलाच्या म्हणतोय) ती रंग शोषायला लागते. मांजराच्या पेटीत घालतात तीसुद्धा हीच.

सोडियमची माती पाण्यात फुगते, कॅल्शियमची फारशी नाही. दोन ग्रॅम पूड १०० मिली पाण्याच्या नळकांड्यात चिमूट चिमूट सोडायची आणि रात्रभर ठेवायची. चांगली असेल तर फुगून २४ मिलीच्या वर जाते. कॅल्शियमची असेल तर तळाशी बसून राहते, तुमच्या साहेबांसारखी. मग तिच्यात सोडा अॅश मिसळतात, उन्हात पसरतात, वाळवतात, दळतात. हे सगळं पावसाळ्यात अवघड. आमच्याकडे जून लागायच्या आधी गोदाम भरून ठेवायची पद्धत त्यातूनच आली. महिन्यांचे आकडे काढलेत तर जुलै-ऑगस्ट बघताना हे लक्षात ठेवा.

टवाळखोर_टिळकरोड

म्हणजे मुलतानी माती का? आमची आजी चेहऱ्याला लावायची. निर्यात केली असती तर आज बंगला असता.

भट्टीवाला

मुलतानी वेगळी, पण भावकीतली.

गोदीकर

मी मूळचा रत्नागिरीचा, आता १४ वर्षं गांधीधामला सीएचएच्या (कस्टम्सची कामं करणारा एजंट) ऑफिसात आहे. कांडला आणि मुंद्रा, दोन्हीकडची कामं करतो.

तुमची पहिली चूक कोडमध्ये आहे. २५०८ हा बेंटोनाइटचा कोड नाही, ते मातीचं अख्खं एकत्र कुटुंब आहे. बेंटोनाइट २५०८१०. त्याच चार आकड्यांत फायरक्ले आहे, बॉल क्लेसारख्या "इतर माती" २५०८४० मध्ये आहेत, शिवाय अँडालुसाइट, मुलाइट, शॅमोट. तुम्ही सगळ्यांची बेरीज करून एकाचा कल काढताय. केओलिन (चिनी माती) तर २५०७ मध्ये, म्हणजे या घराच्याही बाहेर.

सहा आकड्यांवर आलात तरी काम संपत नाही. आपल्याकडे आठ आकडी कोड आहेत: २५०८१०१० म्हणजे कच्चं, २५०८१०९० म्हणजे बाकीचं, ज्यात दळलेलं-प्रक्रिया केलेलं येतं. या दोन मालिका वेगळ्या काढा. कच्ची ढेकळं जहाजाच्या पोटात सुटी जातात. पूड जाते २५ किलोच्या पिशव्यांत किंवा टनाच्या जंबो बॅगेत, कंटेनरमधून. हे दोन वेगळे धंदे आहेत, गिऱ्हाईकही वेगळं.

आणि हे तर बहुतेक जण विसरतातच: आम्लाने सक्रिय केलेली माती, म्हणजे खाद्यतेलाचा रंग काढणारी ब्लीचिंग अर्थ, २५०८ मध्ये येतच नाही. ती ३८ व्या प्रकरणात जाते, ३८०२९०. प्रकरण २५ मध्ये धुतलेला, दळलेला, चाळलेला माल चालतो. रासायनिक स्वरूप बदललं की तो रसायनांच्या दारात. म्हणजे एखाद्या कारखान्याने ढेकळं विकायचं थांबवून त्याच मातीची ब्लीचिंग अर्थ करून विकली, तर तुमच्या आलेखात निर्यात घटलेली दिसेल. प्रत्यक्षात त्याची कमाई वाढलेली असेल.

मृण्मयी२२

देवा. ३८०२९० बघितलंच नव्हतं मी. पण मग टनामागचा भाव पडणं याचा अर्थ काय लावायचा?

सांख्य

तो भाव नाहीच. ती सरासरी आहे, एकूण रकमेला एकूण टनांनी भागलेली. मनचे आकडे घेऊन दाखवतो.

समजा पहिल्या वर्षी ५० टन ढेकळं ४० डॉलरने गेली आणि ५० टन पूड १०० डॉलरने. सरासरी ७०. दुसऱ्या वर्षी पूड तेवढीच, भाव ११०. ढेकळं १५० टन, भाव ४५. एकूण १२,२५० डॉलर, २०० टन, सरासरी ६१ आणि थोडं. दोन्ही भाव वाढले आणि तुमचा आलेख म्हणतो भाव पडला! अहवालात "किंमत" हा शब्द वापरण्याआधी हे साहेबांना एकदा कागदावर करून दाखवा.

रुपयांचं कोडं सोपं आहे. २०१३-१४ मध्ये डॉलरचा सरासरी दर साधारण ६०.५ होता, २०२३-२४ मध्ये ८३ च्या जवळ. डॉलरमधली कमाई जागची हलली नाही तरी रुपयांत ती ३७ टक्क्यांच्या घरात वाढलेली दिसणार. गिऱ्हाईक डॉलरमध्ये देतं, तेव्हा कल डॉलरमध्ये बघा. रुपया बघायचा तो नफ्याच्या हिशोबात, कारण खाण, मजूर, ट्रक यांचा खर्च रुपयांत होतो. आणि आर्थिक वर्ष शेजारी कॅलेंडर वर्ष ठेवू नका. मासिक आकडे घेऊन स्वतः जानेवारी ते डिसेंबर जोडा, अर्धा गोंधळ तिथेच मिटेल.

गोदीकर

साहेबांच्या "बिलं कमी दाखवतात"बद्दल. होत नसेल असं छातीठोक म्हणत नाही. पण तुमचा फरक समजायला चोर शोधायची गरज नाही.

आपण निर्यात एफओबी धरतो, म्हणजे माल जहाजावर चढेपर्यंतची किंमत. समोरचा देश आयात बहुतेक करून सीआयएफ धरतो, भाडं आणि विमा धरून. महागड्या मालात हा फरक पाच-दहा टक्के. मातीत तसं नाही. उदाहरण म्हणून धरा, टनाला ६० डॉलरचा माल, वीस फुटी पेटीत २५ टन. माल झाला १,५०० डॉलरचा. पेटीचं भाडं ५०० असेल तर पलीकडे २,००० दिसतील. भाडं ३,००० झालं तर पलीकडे ४,५००, आणि आपल्याकडे तेच १,५००. २०२१ मध्ये हेच झालं. त्या सप्टेंबरात जगाच्या मुख्य मार्गांवर चाळीस फुटी पेटीचा सरासरी दर १०,००० डॉलरच्या वर होता. तुम्हाला त्याच वर्षी दरी मोठी दिसतेय, यात नवल ते काय? पुन्हा नोव्हेंबर २०२३ नंतर तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे युरोपची जहाजं आफ्रिकेला वळसा घालून जायला लागली, तिथेही बघा.

त्या वर्षी आमच्याकडे एक निर्यातदार डोक्याला हात लावून बसलेला आठवतो. भाडं मालाच्या दुप्पट, आणि गिऱ्हाईक म्हणतंय थांबा. माती कुठे नासतेय? म्हणून त्याने माल थांबवून ठेवला. मालिकेत तेवढे महिने खड्डा, मग एकदम उसळी.

शिवाय मार्चच्या शेवटी मुंद्र्याहून निघालेली पेटी पलीकडच्या नोंदीत एप्रिल-मेमध्ये येते. आणि दुबईच्या जबल अली बंदरात उतरून पुढे गेलेला माल कुणाच्या नावावर चढतो, ते त्या त्या देशावर.

दगडधोंडे

भूगर्भशास्त्र शिकवून निवृत्त झालोय, थोडं विषयांतर चालवून घ्या. कच्छची ही माती म्हणजे दख्खनच्या बेसाल्टाचं आणि ज्वालामुखीच्या राखेचं रूपांतर आहे. म्हणजे मृण्मयीबाईंच्या ऑफिसामागे पारसिकच्या डोंगरात जो काळा दगड दिसतो, त्याचीच चुलतभावंडं तिकडे कुजून मॉन्टमोरिलोनाइट (बेंटोनाइटमधलं मुख्य खनिज) झाली. बेंटोनाइट हे नाव मात्र अमेरिकेतलं, फोर्ट बेंटनवरून १८९८ मध्ये पडलं. अमेरिका, तुर्कस्तान, ग्रीसचं मिलोस बेट, चीन, हे आपले स्पर्धक. वायोमिंगची माती निसर्गतःच सोडियमची, तिला सोड्याचा टेकू लागत नाही.

उत्पादनाचं: बेंटोनाइट गौण खनिज आहे, परवाने नि नोंदी राज्याकडे. केओलिन, बॉल क्ले, फायरक्ले वगैरे ३१ खनिजं फेब्रुवारी २०१५ मध्ये गौण यादीत आली, बेंटोनाइट त्यात आधीपासूनच होतं. आपल्या नागपूरच्या भारतीय खाण ब्युरोच्या वार्षिकात गौण खनिजांचा भाग वेगळा असतो, तो उघडा.

कल समजून घ्यायचा तर मागणी कुठून येते ते बघा. आखाताचं नाव घेतलं की सगळ्यांना तेलविहिरी आठवतात, आणि ते बरोबरच आहे. जानेवारी २०१६ मध्ये ब्रेंट कच्चं तेल पिंपाला ३० डॉलरच्या खाली गेलं, २०२० मध्ये पुन्हा कोसळलं. तेव्हा खणणं कमी, चिखल कमी, माती कमी. पण आखातात लोहखनिजाच्या गोळ्याही (पेलेट) बनतात. ओमानला सोहारमध्ये व्हाले या ब्राझीलच्या खाण कंपनीचा पेलेट प्रकल्प २०११ पासून आहे, क्षमता वर्षाला ९० लाख टन. गोळी बांधायला अर्धा टक्का बेंटोनाइट धरलं तरी ४५,००० टन झालं. सगळी कच्छचीच जाते असं माझं म्हणणं नाही. पण तेल पडलेलं असताना आखातात जाणारे टन टिकलेले दिसले, तर हेही एक कारण तपासा.

मृण्मयी२२

रविवार दुपारचा अहवाल: सहा आकड्यांवर आले, कच्चं आणि दळलेलं वेगळं केलं, ३८०२९० तिसऱ्या ओळीत ठेवलं, सगळं डॉलरमध्ये, कॅलेंडर वर्षाने. "भाव पडतोय" हे वाक्य खोडलं. काही वर्षांत ढेकळांचा वाटा वाढलाय, एवढंच होतं ते. साहेबांना एफओबी-सीआयएफचं गणित फोनवर सांगितलं. तिकडून बराच वेळ आवाज नाही. मग म्हणाले, "म्हणजे आपल्याला भाड्याचा धंदा करायचाय, मातीचा नाही."

पण आता त्यांनी कुठेतरी वाचलंय की युक्रेनच्या युद्धाने इटलीत मातीची टंचाई झाली. तीही आपणच पाठवू म्हणतात.

दगडधोंडे

ती बॉल क्ले, बेंटोनाइट नव्हे. दोनेत्स्क भागातली माती पांढरी भाजते आणि कच्ची असताना लवचीक राहते, म्हणून मोठ्या पोर्सिलेन टाइल्सना लागते. इटलीतलं सास्सुओलो आणि स्पेनमधलं कास्तेयोन तिच्यावर बरेच अवलंबून होते, माल मारियुपोलच्या बंदरातून जायचा. फेब्रुवारी २०२२ नंतर तो रस्ता बंद झाला. कारखान्यांनी तुर्कस्तान, जर्मनी, पोर्तुगाल असे पर्याय धुंडाळले, मिश्रणाच्या पाककृती बदलल्या. आपल्याकडे बॉल क्ले बिकानेरच्या बाजूला आहे, पण तिच्यावर मोरबीचे टाइल्सवाले बसलेत. शिवाय बिकानेर ते बंदर हा प्रवास आधी रुपयांत मोजा.

गोदीकर

आणि ती २५०८४० मध्ये येते. तुमच्या जुन्या चार आकडी आलेखात २०२२ नंतर काही हललं असेल, तर ते बेंटोनाइट होतं की ही, हे आधी तपासा.

भट्टीवाला

ताई, तेल खणणाऱ्यांना विकायचं असेल तर साहेबांना एपीआय १३ए (ड्रिलिंगच्या मालाचं अमेरिकी मानक) विचारा. २२.५ ग्रॅम माती ३५० मिली पाण्यात, घट्टपणा मोजायच्या यंत्रावर ६०० फेऱ्यांना किमान ३० वाचन, गळती १५ मिलीच्या आत. माल यात बसला नाही तर पेटी परत येईल, आणि भाडं दोन्ही बाजूंचं.

मृण्मयी२२

सर्वांचे आभार, अहवाल गेला. साहेबांनी लगेच भूजहून दोन किलो पूड मागवली, दुबईच्या एका ओळखीच्याला कुरियरने नमुना पाठवायचाय. पाकिटावर काय लिहू?

गोदीकर

२५०८१०९०, नमुना, विक्रीसाठी नाही. वर्णनात बेंटोनाइट क्ले पावडर लिहा, ग्रेड लिहा. सॉइल हा शब्द कुठेही येऊ देऊ नका, वनस्पती संगरोधवाले पाकीट धरून बसतात. आणि आतली पिशवी दोनदा बांधा. पांढरट पूड सांडलेलं पाकीट विमानतळावर कुणालाच आवडत नाही.